शिवडीला जाण्याआधी तिथी बघा

"शिवडीला जाऊन आलो, पण रोहित पक्षी काही नीट दिसले नाहीत. लांबवर एक गुलाबी रेघ तेवढी होती." दर हिवाळ्यात गिरगावातल्या आमच्या खोताच्या वाडीत हे वाक्य दोन-तीनदा तरी कानावर येतं. पहिल्यांदा ते मीच म्हटलं होतं. जानेवारीतला रविवार, दोन भाचे, पराठ्यांचा डबा आणि उसनी आणलेली दुर्बीण. दहाच्या सुमाराला आम्ही धक्क्यावर पोचलो तेव्हा ऊन थेट डोळ्यांवर येत होतं. समोर नजर जाईल तिथवर राखाडी चिखल आणि त्याच्या पार टोकाला ती रेघ. तासाभरात मुलं कंटाळली. संध्याकाळी वाडीत शिरताना ओट्यावर बसलेल्या शेजारच्या अंकलनी सगळी हकिकत ऐकून घेतली आणि एवढंच विचारलं, "तिथ कंची होती?"

ते आयुष्यभर खाडीवर गळ टाकत आलेले. माझ्याकडे उत्तर नव्हतं. घरी येऊन कालनिर्णय पाहिलं तर पंचमी होती. या लेखात पुढे जे लिहिलं आहे, त्याचा उगम त्या एका प्रश्नात आहे. रोहित बघायला जाताना लोक रविवार बघतात, हवा बघतात, गाडीचं वेळापत्रक बघतात. पक्षी मात्र पाण्याचं वेळापत्रक पाळतात, आणि ते तिथीवर चालतं.

कोकण किनाऱ्यावरचा जुना हिशेब असा: तिथीची पाऊणपट करायची, जो आकडा येईल तितक्या वाजता पूर्ण भरती. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा, द्वादशीला नऊ. पाव आणि अर्धे आले तर तसेच धरायचे. पंचमीला पावणेचार, दशमीला साडेसात. शुक्ल पक्ष असो वा कृष्ण, हिशेब तोच. दिवसातून दोनदा भरती येते, म्हणून तोच आकडा दिवसालाही लागू आणि रात्रीलाही. भरतीनंतर सहा तास आणि वर थोडी मिनिटं गेली की पूर्ण ओहोटी. रोज भरती सुमारे पाऊण तास ते पन्नास मिनिटं पुढे सरकते. पाऊणपट आली ती तिथूनच. प्रतिपदेला हिशेब पाऊण वाजता म्हणतो ते दुपारी पाऊण, म्हणजे बारा पंचेचाळीस, आणि तसंच मध्यरात्रीनंतरही.

आता माझी पंचमी पडताळा. दुपारी पावणेचारला भरती, म्हणजे सकाळी साडेनऊच्या आसपास पाणी पार ओसरलेलं. दहा वाजता आम्ही उभे होतो ते बरोबर त्या वेळी, जेव्हा पाणी सगळ्यात लांब आणि पाण्याच्या कडेने चरणारे पक्षीही सगळ्यात लांब.

हा हिशेब मुंबई बंदरापुरता चांगला जुळतो, तरी तो ठोकताळा आहे. पौर्णिमा-अमावस्येच्या आसपास अर्ध्या तासाचा फरक धरा. अष्टमीच्या आसपास, म्हणजे भांगाच्या दिवसांत, तासाभराचाही पडू शकतो. आणि खाडीत आत, भांडुप-ऐरोलीकडे, भरती शिवडीपेक्षा उशिरा पोचते. निघण्यापूर्वी मोबाइलवर त्या दिवसाची भरती-ओहोटीची वेळ एकदा पाहून घ्याच. पण महिनाभर आधी, कॅलेंडरसमोर उभं राहून कुठल्या रविवारी जायचं हे ठरवायला पाऊणपटीसारखं दुसरं साधन नाही.

मग कोणती वेळ धरायची? भरतीच्या आधी किंवा नंतर साधारण तीन तास. पूर्ण भरतीला चिखल पाण्याखाली जातो, चरायला जागा उरत नाही आणि पक्षी उठून दुसरीकडे जातात. पूर्ण ओहोटीला ते दूर जातात. मधल्या वेळेत मात्र पाण्याची कड धक्क्याच्या जवळ असते, आणि तिच्याबरोबर सगळा थवा. त्यात पाणी चढत असेल तर फार उत्तम, कारण तुम्ही एका जागी थांबता आणि पाणीच पक्ष्यांना तुमच्याकडे ढकलत आणतं.

दुसरी अट उजेडाची. शिवडीचा किनारा पूर्वेकडे तोंड करून आहे. सकाळी सूर्य समोर असतो, त्यामुळे सगळे पक्षी काळे दिसतात. गुलाबी रंग दिसायला दुपारचे तीन उलटून जावे लागतात, म्हणजे ऊन आपल्या पाठीवर येतं. या दोन अटी एकत्र केल्या की उत्तर आपोआप मिळतं. अष्टमी, नवमी आणि दशमी: भरती संध्याकाळी सहा ते साडेसात, म्हणून तीन-साडेतीनपासून पाणी चढताना दिसेल. किंवा प्रतिपदा-द्वितीया: भरती पाऊण ते दीडला, आणि चारच्या सुमाराला पाणी उतरत असताना नुकत्या उघड्या पडलेल्या चिखलावर पक्षी तुटून पडलेले. या दुसऱ्या वेळी उधाण असतं, पाणी झपाट्याने सरतं. अर्ध्या तासात सगळा देखावा दूर जातो. मला स्वतःला नवमी आवडते. चतुर्थी-पंचमीच्या दुपारी जाऊ नका, कारण तेव्हा पाणी काठोकाठ असतं. द्वादशीच्या दुपारीही नको. तेव्हा समोर फक्त चिखल असतो.

गिरगावातून जाणं आता सोपं झालं आहे. गिरगावच्या मेट्रो स्थानकातून दुसरंच स्थानक छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनस. तिथून हार्बरची गाडी, सहावं स्थानक शिवडी. रविवारी निघणार असाल तर हार्बरवर मेगाब्लॉक आहे का हे आदल्या दिवशीच बघा, कारण तो बहुधा आपल्याला नेमक्या लागणाऱ्या दुपारच्या वेळेतच असतो. स्थानकाच्या पूर्वेला उतरून धक्क्यापर्यंत वीसेक मिनिटं चाल आहे. रस्ता गोदामांचा, मोठ्या ट्रकांचा आणि धुळीचा. लहान मुलांचा हात सोडू नका. धक्क्यावर सावली नाही आणि स्वच्छतागृहही नाही, ती सोय स्थानकावरच आटपून घ्या. टोपी, पाणी आणि डासांचं मलम सोबत हवंच. ही जमीन बंदराची आहे. सुरक्षारक्षकाने एखाद्या फाटकाशी अडवलं तर हुज्जत न घालता दुसरी जागा शोधावी. वर टेकडीवर इंग्रजांनी १६८० साली बांधलेला शिवडीचा किल्ला आहे. तिथून खाडीचा सगळा पसारा एका नजरेत कळतो. पलीकडे माहुलच्या तेलाच्या टाक्या, तुर्भ्याची टेकडी, आणि १२ जानेवारी २०२४ रोजी सुरू झालेला अटल सेतू इथूनच समुद्रात शिरलेला. पुलाचं काम सुरू झाल्यापासून इथे रोहितांची गर्दी पूर्वीसारखी राहिलेली नाही. ज्यांनी ती पाहिली होती त्यांना हे बोचतं, मलाही बोचतं. पण पक्षी अजून येतात, आणि ज्या जागेकडे माणसांचं लक्ष असतं ती जागा टिकण्याची शक्यता अधिक, म्हणून जात राहायला हवं.

दुर्बीण घ्यायची असेल तर आठ गुणिले बेचाळीसची घ्या. पहिला आकडा किती पट मोठं दिसेल त्याचा, दुसरा पुढच्या भिंगाच्या व्यासाचा, मिलिमीटरमध्ये. मोठा आकडा बघून बारा पटीची घ्यायचा मोह होतो, पण हातात ती इतकी थरथरते की चोच कुठली आणि पाय कुठला हेही कळत नाही.

धक्क्यावर पोचल्यावर लगेच दूर पाहू नका. आधी पायाखालच्या चिखलाकडे पाहा. पाच मिनिटं हललं नाहीत तर तो जिवंत होतो. निवट्या बिळाबाहेर येतात. हो, बाजारात मिळतात त्याच निवट्या, पण इथे त्या पुढच्या परांवर सरपटत चालतात, एकमेकींवर पाठीचा पर उभारून धावून जातात. बोटाच्या पेराएवढे खेकडे, नरांची एक नांगी अंगापेक्षा मोठी, ती वरखाली हलवत बिळाच्या तोंडाशी उभे. आणि चिखलावर हिरवट-तपकिरी, तेलकट चकाकणारा एक पातळ थर दिसेल. तो सूक्ष्म शैवालाचा. लहान रोहित हजारो मैल नव्हे, पण कच्छपासून इथवर येतो तो प्रामुख्याने याच थरासाठी. त्याच्या पिसांचा गुलाबी रंगही या खाण्यातूनच येतो.

आता दुर्बीण लावा आणि थवा न पाहता एकच पक्षी धरा. त्याची मान सरळ खाली येते, डोकं उलटं होतं आणि चोचीचा वरचा भाग चिखलाकडे जातो. जीभ भात्यासारखी पुढे-मागे होत पाणी आत ओढते आणि बाहेर ढकलते. चोचीच्या कडांना असलेल्या बारीक दातऱ्यांत शैवाल अडकतं. पाणी गाळून खाणारा हा पक्षी एका जागी उभा राहून पावलांनी चिखल तुडवत गोल फिरतो. पाणी उतरल्यावर ते गोल वळसे चिखलावर तसेच राहिलेले दिसतात.

दोन जातींतला फरक चोचीवरून ओळखा, रंगावरून नको. लहान रोहिताची चोच गडद, काळपट लाल, लांबून काळीच वाटणारी. मोठ्या रोहिताची फिकट गुलाबी, फक्त टोक काळं. मोठा खरोखरच मोठा आहे, मान ताठ केली की चार फुटांच्या वर जातो, आणि अंगाने उलट पांढरट असतो. दोघे शेजारी उभे असले की शंका उरत नाही. थव्यात राखाडी-तपकिरी, मळकट दिसणारे पक्षी आढळले तर ते आजारी नाहीत, ती तरुण पिल्लं आहेत. रोहितांची वीण कच्छच्या रणात होते. पक्षितज्ज्ञ सलीम अलींनी १९४५ साली तिथे जाऊन ती पाहिली होती. हे सलीम अली लहानाचे मोठे झाले ते खेतवाडीत, आमच्या वाडीपासून चालत जाण्याच्या अंतरावर. गळ्यावर पिवळा ठिपका असलेल्या एका चिमणीची ओळख पटवायला ते लहानपणी बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीत (बीएनएचएस) गेले, तिथून सगळं सुरू झालं. १८८३ साली स्थापन झालेली ही संस्था आजही फोर्टात लायन गेटसमोर आहे. पक्षी पाहायला नव्याने लागलेल्या माणसाने तिच्या निसर्गसहलींत नाव घालावं.

इथपर्यंत सगळे करतात. बहुतेकांची दुर्बीण गुलाबी रंगावरच थांबते, आणि माझा खरा आग्रह त्यापुढचा आहे. रोहितांच्या पायांमध्ये, चिखलाच्याच रंगाचे, शेकड्यांनी धावणारे पक्षी दिसतील. रोहित गुजरातेतून येतात. हे लहानखुरे मध्य आशियातून आणि सायबेरियाच्या थंड माळांवरून. लांब सरळ चोचीचा, चोच मुळापर्यंत चिखलात खुपसणारा तो काळ्या शेपटीचा पाणटिवळा. लांब आणि खाली वाकलेल्या चोचीचा कोरल. मुठीएवढे, शिवणयंत्राच्या सुईसारखी चोच चालवणारे टिलवे. चार पावलं धावून थबकणारे, पुन्हा धावणारे चिखले. नावांवरून वाद घालू नका. एकाच पक्ष्याला मालवणात एक नाव आणि विदर्भात दुसरं असतं. मारुती चितमपल्लींचा 'पक्षिकोश' जवळ ठेवला की बरंच उलगडतं. पहिल्या दिवशी चोचीची लांबी आणि चालण्याची ढब एवढंच टिपलं तरी पुष्कळ झालं.

हे पक्षी रोहितांच्या आधी, ऑगस्ट-सप्टेंबरपासूनच येऊ लागतात. रोहित नोव्हेंबर-डिसेंबरपासून दिसतात आणि मेपर्यंत राहतात. तुम्हाला एकच फेरी जमणार असेल तर फेब्रुवारीतली धरा. दोन जमणार असतील तर दुसरी एप्रिलच्या सुरुवातीला. तेव्हा परतीच्या तयारीतले पाणटिवळे राखाडी कपडे टाकून गंजासारखे तांबडे होऊ लागलेले असतात. जानेवारीत ज्यांच्याकडे कुणी ढुंकून पाहिलं नाही, ते एप्रिलच्या उतरत्या उन्हात रोहितांच्या तोडीचे दिसतात.

शिवडीच्या आधी सराव करायचा असेल तर गिरगाव चौपाटी आहेच. हिवाळ्यात तिथे कुरव येतात. त्यांची डोकी थंडीत पांढरी असतात, कानाजवळ फक्त एक काळसर ठिपका. तपकिरी डोक्याचा कुरव उडताना पंखाच्या काळ्या टोकात पांढरा डाग दाखवतो आणि त्याचा डोळा फिकट असतो. काळ्या डोक्याच्या कुरवाचा डोळा गडद, आणि पंखाच्या पुढच्या कडेला पांढरी पट्टी. हा फरक एकदा हातात बसला की चिखलावरचे पक्षी अवघड वाटत नाहीत. एक कळकळीची विनंती: त्यांना शेव-गाठिया टाकू नका. तिबेटच्या पठारावर वीण करणारा पक्षी इथे मासे आणि किडे खाऊन वसंतातल्या उड्डाणासाठी चरबी साठवायला येतो. तळलेल्या बेसनाने पोट भरतं, पण प्रवासाची शिदोरी होत नाही.

आता 'अभयारण्य' या शब्दाबद्दल, कारण त्यात मोठा गैरसमज आहे. ठाणे खाडी रोहित अभयारण्य ६ ऑगस्ट २०१५ रोजी जाहीर झालं. क्षेत्र सुमारे १,६९० हेक्टर. त्यातलं ८९६ हेक्टर तिवरांचं जंगल, उरलेलं पाणी. ते ऐरोली आणि वाशी या दोन पुलांच्या दरम्यान, खाडीच्या पश्चिम अंगाला आहे. २०२२ साली ठाणे खाडीला रामसर पाणथळाचा आंतरराष्ट्रीय दर्जाही मिळाला. नांदूर मधमेश्वर आणि लोणारनंतर महाराष्ट्रातलं हे तिसरं. शिवडी या अभयारण्याच्या हद्दीत नाही. आपण ज्या चिखलासमोर उभे असतो त्याला त्या कायद्याचं कवच नाही, आणि हे तिथे जाणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक असावं.

खुद्द अभयारण्य पाहायचं तर ऐरोलीचं किनारी आणि सागरी जैवविविधता केंद्र गाठा. ठाण्याहून ट्रान्स हार्बरची गाडी आणि पुढे रिक्षा. तिथून वनविभागाच्या कांदळवन कक्षाच्या बोटी खाडीत जातात. बोटीला पाणी लागतं, म्हणून फेऱ्यांच्या वेळाही भरतीप्रमाणे रोज बदलतात. आधी नोंदणी केल्याशिवाय निघू नका. म्हातारी माणसं किंवा फार लहान मुलं सोबत असतील तर शिवडीच्या धक्क्यापेक्षा हीच वाट बरी.

भरतीला चिखल बुडाला की हे पक्षी जातात कुठे, हा प्रश्न प्रत्येकाने एकदा विचारावा. भांडुपच्या उदंचन केंद्राजवळची तळी, नवी मुंबईत नेरुळ-सीवूड्सची डीपीएस, एनआरआय आणि टीएस चाणक्य ही पाणथळं. भरतीचे काही तास हजारो रोहित तिथे एका पायावर विसावतात. खाण्याची काही जागा तरी अभयारण्यात, पण झोपण्याची बाहेर, अशी त्यांची अवस्था आहे. २०२४ साली डीपीएस तळ्यात खाडीचं पाणी येणं अडलं आणि काही रोहित मेले. त्याच वर्षी २० मेच्या रात्री घाटकोपरवर विमानाच्या धडकेत तीसहून अधिक रोहित पडले. २०२५ मध्ये राज्य वन्यजीव मंडळाने डीपीएस तळ्याला संवर्धन राखीव करण्यास मंजुरी दिली. भरतीच्या वेळी शिवडी रिकामी पाहून परतणाऱ्याने एखाद्या दिवशी त्याच वेळी नेरुळला जावं. अर्धं उत्तर तिथे उभं असतं.

तिथे वागायचं कसं, याचे नियम मोठे नाहीत. पक्षी जवळ यावेत म्हणून टाळ्या वाजवणं, थवा उडवून फोटो काढणं, ड्रोन सोडणं, यातलं काहीही करू नका. एकदा उठलेला थवा पुन्हा बसेपर्यंत चरण्याची ती मोजकी वेळ वाया जाते, आणि पाणी त्यांच्यासाठी थांबत नाही. चिखलात उतरू नका. वरून घट्ट दिसतो, पण माणूस मांडीपर्यंत रुततो. वाडीतल्या वेफर्सची पिशवी मीही नेते, पण ती स्थानकावर परत येईपर्यंत बंद असते, कारण धक्क्यावर कागद कुरकुरला की आधी कावळे येतात, मग घारी, आणि मग छोटे पक्षी उठतात.

वही जवळ ठेवा. तारीख, तिथी, भरतीची वेळ, कोण दिसलं, किती. मोठा थवा मोजायचा तर आधी दहा पक्षी मोजा, ते दहा किती जागा व्यापतात हे डोळ्यात धरा, आणि तेवढा तुकडा थव्यावर पुढे पुढे सरकवत जा. दोन माणसांनी वेगवेगळं मोजून आकडे जुळवावेत. या नोंदी ईबर्ड या संकेतस्थळावर टाकता येतात. जानेवारीत आशियाई पाणपक्षी गणना होते, १९८७ पासून दरवर्षी. तिच्यात स्वयंसेवक लागतात आणि नवख्यांनाही घेतात. एखाद्या पक्ष्याच्या पायावर रंगीत पट्टी किंवा कडं दिसलं तर रंग, कोणता पाय आणि अक्षरं लिहून घ्या, जमल्यास फोटो काढा, आणि बीएनएचएसला कळवा. याच संस्थेने २०२२ मध्ये इथल्या रोहितांच्या अंगावर उपग्रहाशी जोडलेली यंत्रं बसवली आणि ते गुजरातेत कुठे गेले ते पाहिलं. पट्टीचं काम त्याहून स्वस्त, पण ते तुमच्याआमच्या डोळ्यांवर चालतं. जखमी पक्षी सापडला तर त्याला पाणी पाजू नका, खायला घालू नका. हवा जाईल अशा खोक्यात अंधारात ठेवा आणि वनविभागाच्या १९२६ या क्रमांकावर फोन करा.

माझे भाचे पुढच्या खेपेला यायला तयार नव्हते. कृष्ण नवमी होती, भरती पावणेसातला. आम्ही सव्वातीनला धक्क्यावर बसलो, तेव्हा रेघ तिथेच होती, पार टोकाला. चारला तिच्यात मान आणि पाय वेगळे दिसू लागले. पावणेपाचला दुर्बिणीची गरज राहिली नाही. धाकटा चोची मोजत होता, काळ्या किती आणि गुलाबी किती. पाणी चढत होतं तसा चिखलातून हजार चोचींचा बारीक चपचप आवाज येऊ लागला, आणि थोरल्याने खिशातला मोबाइल काढून परत खिशात ठेवला.